रॅकमागे दुमडलेला शब्द

मी पाटीवरचा शेवटचा शब्द रॅकमागे दुमडला. तो शब्द 'टाळावे' होता.

बाकीचं वाक्य भिंतीवर झकास दिसत होतं. पांढऱ्या फ्लेक्सवर निळी ठसठशीत अक्षरं : 'आम्लाचे विरलीकरण करतेवेळी संहत आम्लामध्ये पाणी ओतणे'. बस, इथे संपत होतं. सरकारी कचेरीत 'पादत्राणे बाहेर काढणे', 'रांगेत उभे राहणे' असं लिहिलेलं असतं ना, तशीच ही एक आज्ञा. वाचणाऱ्याला वाटावं की हुकूम पूर्ण आहे, आता फक्त पाळायचा.

ज्यांनी रसायनशास्त्राला दहावीतच नमस्कार केला त्यांच्यासाठी सांगतो. तीव्र सल्फ्युरिक आम्लात पाणी ओतायचं नसतं. पाणी आधी घ्यायचं आणि त्यात आम्ल बारीक धारेने, हळूहळू सोडायचं. उलट केलं तर ते ओतलेलं पाणी वरच्यावर उकळतं आणि उडताना आम्ल सोबत घेऊन उडतं. या विषयातलं पहिल्या इयत्तेचं म्हणावं असं हे ज्ञान आहे. मी या विषयात एम. एस्सी. आहे. वाक्य मी बरोबर लिहिलं होतं, छापणाऱ्यानेही बरोबर छापलं होतं. पण वरची खिडकी आणि खालचा रॅक यांच्यामध्ये जागा वीतभर कमी पडली, आणि खालच्या ओळीत एकटाच एक शब्द होता. मी म्हटलं, एका शब्दावाचून काय अडतंय!

हे घडलं संग्रामपूर तालुक्यातल्या एका कनिष्ठ महाविद्यालयात. त्याचं नाव सांगत नाही, अजून माझा पगार तिथूनच होतो. मी अकरावी-बारावी तिथेच शिकलो. पुढे पुण्याला गेलो आणि परत येऊन तिथेच मास्तर झालो. वरवट बकालला खोली घेऊन राहायचो आणि मोटरसायकलवर जायचो-यायचो.

आमच्या प्रयोगशाळेत एक परिचर होते. वयाने माझ्या वडलांएवढे. सगळं कॉलेज त्यांना 'भाऊ' म्हणायचं, प्राचार्यसुद्धा. भाऊ घाटावरचे, अमडापूरकडचे. आमचं कॉलेज घाटाखाली, खारपाणपट्ट्यात. "मी गोड पाण्याचा माणूस, पोटासाठी खाऱ्यात येऊन पडलो," असं ते स्वतःबद्दल सांगायचे. आमच्याकडच्या बोअरचं पाणी असं की परीक्षानळी धुऊन वाळत ठेवली तर आतून पांढरी होते. म्हणून भाऊ सकाळी आल्या आल्या पाणी गाळायचं यंत्र सुरू करायचे आणि थेंब थेंब शुद्ध पाणी दहा लिटरच्या कॅनमध्ये जमा करायचे. त्या कॅनला त्यांच्याशिवाय कोणी हात लावायचा नाही.

नोकरीच्या पहिल्याच महिन्यात मी लावला. पाहुणे आले होते, नळाला पाणी नव्हतं. मी कॅनमधलं पाणी घेऊन चहा टाकला. भाऊंनी रिकामा होत आलेला कॅन उचलून पाहिला, माझ्याकडे पाहिलं.

"काऊन बे मास्तर, सहा घंटे टपक टपक करून हे पाणी जमते, अन् तू त्याचा चहा केला?"

"नळ गेला होता, भाऊ."

"अन् लागला कसा?"

"बेचव."

"लागनच! त्याच्यात काहीच नाही तं चव कुठून येईन? तुह्यासारखंच हाये ते पाणी. पुण्याहून सारं गाळून आलेलं."

मी हसलो, पण ते बरोबर जागी लागलं. पुण्याला गेल्यावर पहिल्या आठवड्यात मेसमध्ये मी "मले भात वाढा" म्हणालो होतो, तेव्हा टेबलावरचे सहा जण जेवण थांबवून हसले होते. त्यानंतर मी आरशासमोर उभा राहून 'मला, तुला, त्याला' घोकलं. दोन वर्षांत असा गाळून निघालो की गावी फोनवर आई विचारायची, कोण बोलून राह्यलं? परत आलो तेव्हा माझ्या तोंडात वऱ्हाडीचा एक कण उरला नव्हता, आणि मला त्याचा अभिमान होता. हे भाऊंना पहिल्या दिवशीच कळलं. मी विद्यार्थी असताना ते मला 'बे' म्हणायचे. मास्तर होऊन आलो तेव्हा त्यांनी फक्त पुढे 'मास्तर' जोडलं. 'बे' काढला नाही.

आम्ल पातळ करायला मी खरं तर दोनदा शिकलो. एकदा पुस्तकातून आणि एकदा भाऊंकडून. पुस्तकातलं सांगत नाही, ते पुस्तकात आहे. भाऊंची पद्धत अशी. आधी अंगात ॲप्रन, हातात मोजे, डोळ्यांवर जाड चष्मा. नळ चालू करून पाणी येतं का ते बघायचं. येत नसेल तर त्या दिवशी बाटली कपाटातून निघतच नाही. मग मोठा बीकर थंड पाण्याच्या टबात बसवायचा, त्यात मोजून शुद्ध पाणी. मग आम्ल, काचेच्या कांडीवरून, बीकरच्या कडेने, दुधाची धार सोडावी तसं. चार धारा सोडायच्या, थांबायचं, ढवळायचं. आणि थांबल्यावर बीकरच्या पोटाला बाहेरून हाताची उलटी बाजू लावायची, मोजा काढून, कोरड्या हाताने. तापलेल्या लेकराच्या कपाळाला आई लावते तशी.

"पाण्याले ताप चढला," ते म्हणायचे. "उतरू दे. ताप उतरल्याबिगर पुढचा डोस द्याचा नाही."

"थर्मामीटर आहे ना भाऊ."

"थर्मामीटर आकडा सांगते. हात घाई सांगते. कोणाले घाई झाली थे कळलं पाह्यजे. पाण्याले नसते घाई, तुले असते."

आणि बाटलीवर चिठ्ठी लावल्याशिवाय ती ओट्यावरून हलायची नाही. भरलेली बाटली दोन हातांनी, एक हात बुडाखाली. आम्लाची बाटली एका हाताने मानेला धरून नेणाऱ्या एका सरांना भाऊंनी सगळ्या वर्गासमोर विचारलं होतं, "कोंबडी नेऊन राह्यले काय सर?"

त्यांची एक पाटी होती. तेलाच्या डब्याचा पत्रा ठोकून सपाट केलेला, त्यावर लाल ऑइलपेंटने स्वतः लिहिलेलं : 'पयले पाणी, मंग तेजाब'. 'तेजाब'मधल्या काना-मात्रांवरून रंगाचे ओघळ आले होते. ती पाटी मी अकरावीत असतानाही तिथेच होती. माझ्या बॅचच्या एकाही पोराला 'विरलीकरण' आठवत नसेल, पण लग्नात भेटलो की पंगतीत पाण्याचा ग्लास आधी आला तर कोणीतरी ओरडतंच, पयले पाणी!

भाऊंची नोकरी तीस वर्षांच्या पुढे गेली होती आणि त्या वर्षी ते निवृत्त होणार होते. त्यांना एकच गोष्ट सोबत न्यायची होती. ते ती वारंवार बोलून दाखवायचे. "माह्या लॅबमंधी एकबी लेकरू भाजलं नाही. एवढं म्हणून घरी जातो. बाकी मले हारतुरे नोको."

आणि त्यांची निवृत्ती महिनाभरावर असताना तपासणी समिती यायची ठरली.

समिती येणार म्हटल्यावर मी प्रयोगशाळा आवरायला घेतली. मोडकी स्टँडं, गंजलेल्या तिपाया, तुटक्या बर्नरांचा ढीग भंगारवाल्यासाठी काढला. मग नजर त्या पत्र्यावर गेली. मला समितीतली माणसं दिसायला लागली. मला मेसचं टेबल दिसायला लागलं.

"भाऊ, ही पाटी काढतो. नवीन लावू. समिती येतेय."

"काऊन बे? समितीले वऱ्हाडी समजत नाही काय?"

"समजते. पण सूचना प्रमाण भाषेत असली की बरं दिसतं."

"तुले लाज वाटून राह्यली, असं सांग ना."

मी पाटी खिळ्यावरून उतरवली. पत्रा भंगारात टाकला. भाऊ त्यावर रुसले आणि त्यांनी माझ्या नव्या फ्लेक्सकडे ढुंकूनही पाहिलं नाही. पाहिलं असतं तर पुढचं घडलं नसतं. पण त्यांनी का पाहावं?

प्राचार्यांनी मात्र पाहिलं. आमचे प्राचार्य मराठीचे. फ्लेक्ससमोर उभे राहून त्यांनी ते वाक्य मोठ्याने वाचलं, 'विरलीकरण करतेवेळी' वर थोडे रेंगाळले आणि माझ्या पाठीवर थाप मारली. "सर, याला म्हणतात भाषा!" शेवटचा शब्द नाही हे त्यांच्या लक्षात आलं नाही, कारण त्यांना वाक्य आवडलं होतं. त्यावाचून वाक्य उलटं झालंय हे माझ्या लक्षात आलं नाही, कारण वाक्य माझं होतं.

समितीतले तिघे दुपारी प्रयोगशाळेत आले. रजिस्टरं पाहिली, कपाटं उघडून पाहिली. त्यातले एक जण म्हणाले, फाइलला प्रात्यक्षिकाचे काही फोटो जोडा. प्राचार्य म्हणाले, आत्ताच काढू. मी म्हणालो, सर, तुम्हीच उभे राहा, संस्थाप्रमुख प्रयोग करताना, छान दिसेल.

पुढचं सगळं माझंच. ॲप्रन माझा, त्यांना घातला. जागा मी निवडली, बरोबर फ्लेक्सच्या खाली, म्हणजे भाषा आणि प्राचार्य दोन्ही एका चौकटीत यावेत. फोटोत दोन्ही दिसावेत म्हणून एका बीकरमध्ये थोडं तीव्र आम्ल आणि शेजारी दुसऱ्या बीकरमध्ये पाणी, असं मांडून ठेवलं. मग मोबाइल काढून मागे सरकलो. स्क्रीनवर चष्म्यामुळे त्यांचा चेहरा झाकलेला दिसत होता.

"सर, चष्मा जरा कपाळावर घ्या. चेहरा येत नाहीये."

त्यांनी घेतला.

"आता काय करू?" त्यांनी विचारलं.

"मिश्रण करा सर, म्हणजे करताय असं दाखवा."

मराठीच्या माणसाने मान वर करून पाटी वाचली. पाण्याचा बीकर उचलला. तो आम्लाच्या बीकरवर तिरका केला. मी स्क्रीनमध्ये पाहत होतो. चौकट सुरेख जमली होती. आणि मी, रसायनशास्त्राचा मास्तर, म्हणालो, "सर, थोडं हसा."

भाऊ दरवाजात होते. कॅन घेऊन येत होते. मला नंतर समितीतल्या एकांनी सांगितलं की कॅन आधी खाली पडला आणि आवाज नंतर आला. मला फक्त स्क्रीनच्या कडेने एक खाकी बाही आत येताना दिसली. भाऊंनी उजवा हात प्राचार्यांच्या तोंडासमोर घातला आणि डाव्याने त्यांना छातीवर ढकललं. चर्रर झालं. ज्यांनी तापलेल्या तव्यावर पाणी शिंपडलं आहे त्यांना तो आवाज माहीत आहे. हा तसाच, पण जाड.

प्राचार्य रॅकला आपटले. त्यांच्या अंगावर काही नाही, ॲप्रनला खालच्या बाजूला तीन भोकं. भाऊ सरळ नळाकडे गेले. बाही टरकावून काढली, हात धारेखाली धरला. मी खाली पडलेल्या कॅनमध्ये उरलेलं शुद्ध पाणी घेऊन धावलो.

"ते ठेव," भाऊ म्हणाले. "ते वाया घालू नोको. खारं चालते."

आणि वीस मिनिटं ते नळाखाली हात धरून उभे राहिले, खाऱ्या पाण्याच्या धारेत. ओट्यावर उडालेल्या आम्लावर सोडा टाकायला मला सांगितलं. मोजे घातल्याशिवाय पुसू नको म्हणून सांगितलं. मग प्राचार्यांच्या गाडीतून आम्ही दवाखान्यात गेलो. कोपरापासून मनगटापर्यंत डाग उठले होते, ज्वारी सांडावी तसे.

वाटेत मी शिव्यांची वाट पाहत होतो. खरंच सांगतो, मी त्यांच्यासाठी मनात जागा करून बसलो होतो. ज्या माणसाने एका चहासाठी मला तीन वर्षं टोमणे मारले, तो आज काय म्हणेल! प्राचार्य पुढच्या सीटवर बसले होते. भाऊ खिडकीबाहेर पाहत होते. एकदा फक्त विचारलं, "लेकरं होते काय लॅबमंधी?"

"नाही भाऊ. कोणीच नव्हतं."

"मंग झालं."

दुसऱ्या दिवशी ते पट्टी बांधून कामावर आले. मी आधीच जाऊन फ्लेक्स फाडून काढला होता. तो काढताना रॅकमागून 'टाळावे' बाहेर आलं, कोरं करकरीत, त्याच्यावर धूळसुद्धा बसली नव्हती. मी ते हातात घेऊन उभा होतो तेव्हा भाऊ आत आले.

"नमस्कार सर," ते म्हणाले. "बीकर धुवायला घेऊ का?"

मी दचकलो. 'सर'. 'धुवायला'. 'घेऊ का'. भाऊंना प्रमाण भाषा येत होती, चांगली येत होती. प्राचार्यांशी आणि अनोळखी माणसांशी ते तीच बोलायचे. माझ्याशी कधी बोलले नव्हते. त्या दिवसापासून माझ्याशीही बोलू लागले. "हो सर." "झालं सर." "आपण चावी घेतली का?" एक चुकीचा शब्द नाही, एक टोमणा नाही. आपण! मला आयुष्यात इतका मान कोणी दिला नव्हता, आणि इतकी शिक्षाही.

मी भंगारवाल्याकडे गेलो. वरवट बकालच्या बाजाराच्या कोपऱ्यावर त्याचं दुकान आहे. त्याने तिपाया दाखवल्या, बर्नर दाखवले. पत्रा नव्हता. "गेला साहेब," म्हणाला. कुठे गेला ते सांगेना. मग मी स्वतः एक पत्रा आणला, लाल रंग आणला आणि तेच वाक्य रंगवलं. माझं अक्षर फळ्यावर बरं असतं, पत्र्यावर ते शेवाळल्यासारखं दिसत होतं. पण वाक्य रंगवताना मला एक गोष्ट कळली जी एम. एस्सी.त कळली नव्हती. माझं वाक्य शेवटच्या शब्दावर उभं होतं; तो गेला की सगळं उलटं. भाऊंचं वाक्य कुठेही कापा, कोपरा गंजू द्या, अर्धा पत्रा मोडू द्या. जोवर एक शब्द वाचता येतोय तोवर तो 'पयले' असणार, आणि त्याच्या मागे पाणी.

नवी पाटी टांगली. भाऊंनी पाहिली.

"छान आहे सर," म्हणाले.

माझ्या त्या अक्षराला भाऊ 'छान' म्हणाले! मला रडायला यायचं बाकी राहिलं.

निरोपाच्या कार्यक्रमात भाऊंनी भाषण केलं. सगळ्यांच्या खोड्या काढल्या. कोंबडीवाल्या सरांची काढली, क्लार्कची काढली, प्राचार्य नेहमी छत्री विसरून जातात त्याची काढली. सभागृह हसून हसून लोळत होतं. मी पहिल्या रांगेत बसलो होतो आणि प्रत्येक वाक्याला वाटत होतं, आता चहा येईल, आता तो गाळलेल्या पाण्याचा चहा येईल. आला नाही. माझं नाव सोडा, माझ्या दिशेला नजरही आली नाही. शेवटी त्यांनी ते एक वाक्य म्हटलं, ज्यासाठी ते इतकी वर्षं थांबले होते. "माह्या लॅबमंधी एकबी लेकरू भाजलं नाही." शर्टाची बाही मनगटापर्यंत बटण लावून बंद होती. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या.

त्यानंतर दोन वर्षं गेली. परिचराची जागा भरली नाही, तेव्हा काचेची भांडी मीच धुतो आणि पाणीही मीच गाळतो. सकाळी रिकाम्या प्रयोगशाळेत ते टपक टपक ऐकत बसलो की वाटतं, आता पाठीमागून कोणीतरी 'काऊन बे' म्हणेल. मागे वळून पाहतो. माझीच पाटी असते. आम्ल पातळ करताना बीकरच्या पोटाला मी हाताची उलटी बाजू लावतो आणि पोरांना सांगतो, ताप चढलाय, उतरू द्या. पोरं हसतात. एकीने विचारलं, सर, हे कुठल्या पुस्तकात आहे? मी म्हटलं, ते निवृत्त झाले.

तो फोटो माझ्याकडे आहे. बोट दाबलं गेलं होतं. फ्लेक्स स्पष्ट आहे, 'ओतणे' पर्यंत. प्राचार्य माझ्या सांगण्यावरून हसताहेत. आणि उजव्या कडेने एक खाकी बाही आत येतेय, जरा धूसर. मोबाइल दोनदा बदलला, फोटो दोन्ही वेळा सोबत आणला. भाऊंचा माझ्याजवळ एवढाच फोटो आहे. त्यात त्यांचा चेहरा नाही.

शेवटी यंदा दिवाळीच्या सुट्टीत मी गाडी काढली. शेगाव, खामगाव, मग चिखली रोड धरून घाट चढलो. त्यांचा मळा अमडापूरच्या अलीकडेच निघाला. वांगी, मेथी, कोथिंबिरीचे वाफे. भाऊ विहिरीजवळ वाकून काहीतरी करत होते. मी जवळ गेलो तसे उभे राहिले.

"या सर. बसा."

बसलो. काकूंनी पाणी आणलं. गोड पाणी, खरंच गोड. भाऊंनी कॉलेजची चौकशी केली, प्राचार्यांच्या तब्येतीची केली. सगळं 'आपण'मध्ये. मी वाटेत तयार करून आणलेलं वाक्य तीनदा सुरू केलं.

"भाऊ, त्या दिवशी मी..."

"चहा घेणार ना सर?"

चहा झाला. बोलणं संपलं. मला उठावं लागणार होतं. तेवढ्यात भाऊ म्हणाले, "आपण बसा निवांत. मला वांग्यावर फवारणी करायची आहे. ऊन चढायच्या आत."

मी म्हणालो, मी मदत करतो. नको म्हणाले. मी पंप ओढून घेतलाच. शेजारी बादलीत निंबोळीचा अर्क होता, साबण घोळवलेला. भाऊंनी बोट दाखवलं. "पाणी त्या ड्रममधून घ्या सर."

ड्रमवर पत्र्याचं झाकण होतं. मी ते उचललं, बाजूला ठेवायला उलटं केलं. खालच्या बाजूला लाल रंग होता. रंग बराच उडाला होता, पण 'तेजाब'वरचे ओघळ तसेच होते.

मी झाकण हातात धरून तिथेच खाली बसलो.

"हे भंगारवाल्याकडून..."

"त्याच दिवशी आणलं," भाऊ माझ्याकडे न पाहता म्हणाले. "ड्रमला झाकण नव्हतं."

मी ते अक्षर न् अक्षर वाचलं. पुन्हा वाचलं. डोळ्यांत पाणी यायला लागलं म्हणून काहीतरी काम करायला हवं होतं. झाकण मांडीवर ठेवलं, पंपाचं तोंड उघडलं, अर्काची अख्खी बादली त्यात रिकामी केली आणि वरून ड्रममधल्या पाण्याची बादली धाडकन ओतली.

लोक विचारतात, मुद्दाम केलं का? मी एवढा हुशार असतो तर ही गोष्टच घडली नसती.

साबणाचा फेस पंपाच्या तोंडातून वर आला. आधी हातभर, मग कमरेएवढा. माझ्या पँटवर, बुटांवर, मेथीच्या वाफ्यावर, झाकणावरच्या लाल अक्षरांवर. मी दोन्ही हातांनी तो दाबायला गेलो तर तो बाहीतून आत शिरला. काकू दारात येऊन उभ्या राहिल्या.

भाऊंनी डोक्याला हात लावला. बाही वर सरकली, हातावरचे ते पांढरे ठिपके दिसले. आणि दोन वर्षं, पाऊणशे किलोमीटर आणि एक घाट ओलांडून मी जे ऐकायला आलो होतो ते ते अख्ख्या मळ्याला ऐकू जाईल असं ओरडले,

"अबे, पाटी मांडीवर घेऊन बसला, घंटाभर वाचून राह्यला, अन् तरी उलटंच केलं! तुले मास्तर कोणं केलं बे?"